तळटीप : जिद्द्याचा शैवलभक्षक मासा
प्रवासवृत्तकाराने जिद्दे बंदराच्या वर्णनात ज्याचा ओझरता निर्देश केला आहे, तो मासा प्राणिशास्त्राच्या दप्तरी ‘सिगानस रिव्ह्युलेटस’ या नावाने दाखल असून, तांबड्या समुद्रातील उथळ प्रवाळखडकांच्या आश्रयाने थव्याथव्यांनी हिंडावे आणि त्यांवरील समुद्रशैवल कुरतडीत राहावे, हा त्याचा नित्यक्रम होय. त्याचे पहिले शास्त्रीय वर्णन, डेन्मार्कच्या राजाने अरबस्तानात धाडलेल्या मंडळींपैकी पीटर फोर्स्कल याने लिहिले. परंतु १७६३ साली येमेनात तो निवर्तल्यामुळे, त्याच वर्षी मुंबईस येऊन पोहोचलेल्या आणि त्या मंडळींत अखेर एकट्याच हयात उरलेल्या कार्स्टेन नीबुर याने ती टिपणे १७७५ मध्ये छापविली. या मित्रकार्याची वाखाणणी व्हावी तितकी झालेली नाही. पुढे १८६९ त सुएझचा कालवा खुला झाल्यावर, कोणतीही जकात न भरता, हा मासा कालांतराने भूमध्य समुद्रात शिरला आणि तेथील पूर्वकिनाऱ्याचे शैवलाच्छादित खडक त्याने व त्याच्या एका सगोत्राने ठिकठिकाणी चरून उजाड केले. त्याच्या परांतील काटे विषारी असतात. दंश प्राणघातक नसला तरी वेदना दुःसह होते. मांस मात्र खाद्य असल्याने दोन्ही समुद्रांतील कोळी त्यास बाजारात आणतातच.