टिंबांनी जोडलेली नावं

सिनेमाच्या फाइलचं नाव कधी नीट वाचलंय? आधी शीर्षक, मग वर्ष, १०८०पी, वेब-डीएल, एक्स२६४ आणि आडव्या रेघेनंतर कुणाचं तरी विचित्र टोपणनाव. मध्ये सगळीकडे टिंबं. वरवर गोंधळ वाटतो, पण ही कडक शिस्त आहे. आणि ती लावली चोरांनी.

१९९९ साली डीव्हीडीचं कुलूप तोडणारा ‘डीसीएसएस’ हा प्रोग्रॅम बाहेर आला. त्याच्याशी नाव जोडलं गेलेला नॉर्वेचा जॉन योहान्सन तेव्हा शाळकरी मुलगा होता. खटला झाला, २००३मध्ये तो निर्दोष सुटला. त्याच सुमारास फ्रान्सच्या जेरोम रोटाने मायक्रोसॉफ्टचा कोडेक, म्हणजे व्हिडिओ दाबून लहान करायचं तंत्र, फोडून ‘डिव्हएक्स’ आणलं. कित्येक जीबींचा सिनेमा ७०० एमबीत बसू लागला. ७०० का? कोऱ्या सीडीत तेवढीच जागा असायची! पुढे डिव्हएक्सचा खुला प्रकल्प बंद पडला, तेव्हा काही प्रोग्रॅमर मंडळींनी तो पुढे नेला आणि नाव उलटं करून ठेवलं: ‘एक्सव्हिड’.

‘सीन’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या गुप्त गटांत आधी कोण आणतं याची शर्यत असे. शर्यत म्हटली की नियम आले. नावात मोकळी जागा नको, म्हणून टिंब. माल कुठून आला ते लिहायलाच हवं. ‘कॅम’ म्हणजे थिएटरात कॅमेरा लावून केलेलं चित्रण. ‘टीएस’ म्हणजे तसंच चित्रण, पण आवाज वेगळा, थेट घेतलेला. ‘डीव्हीडीरिप’ म्हणजे डीव्हीडीवरून काढलेली प्रत. ‘वेब-डीएल’ म्हणजे स्ट्रीमिंगची मूळ फाइल जशीच्या तशी, तर ‘वेबरिप’ बहुधा पुन्हा रेकॉर्ड केलेली. एकाची प्रत सदोष निघाली, तर दुसरा गट ‘प्रॉपर’ असं लिहून चांगली प्रत काढी. स्वतःची चूक सुधारली, तर ‘रीपॅक’.

१०८०पी मात्र अर्धंच सांगतं: उभ्या दिशेत १०८० ओळी, आणि प्रत्येक फ्रेम अख्खी. दर सेकंदाला किती डेटा दिलाय, म्हणजे बिटरेट, त्यात कळत नाही. म्हणूनच दीड जीबीची फाइलही १०८०पी असते आणि तीस जीबीची ब्लू-रे प्रतही. अंधारातल्या दृश्यात पहिलीत चौकोन दिसतात, दुसरीत अंधार. आज अ‍ॅपवर आपण पैसे भरतो, तिथे बहुतेक वेळा ‘एचडी’ एवढीच पाटी असते. चोरीच्या मालावरचं लेबल अधिक तपशीलवार, ही गंमत नाकारता येत नाही.

तरी या लेबलचा प्रामाणिकपणा ग्राहकापुरताच. भारतात २०२३च्या दुरुस्तीनंतर थिएटरात चोरून चित्रण केलं तर तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान तीन लाख रुपये दंड आहे. फाइलचं ते लांबलचक नाव पुन्हा वाचा. कोणत्या यंत्राने दाबलं ते आहे, कुणी उचललं त्याची सही आहे. सिनेमा कुणी बनवला, ते मात्र कुठेच नाही.