गोगलगायीमागे कृमी, कृमीमागे कोण?

घरात समुद्राच्या पाण्याचं अ‍ॅक्वेरियम बाळगणाऱ्या हौशी मंडळींपुढे एक संकट हमखास उभं राहतं. नव्या प्रवाळाबरोबर तांबूस, चपटे, नखाएवढे जीव टाकीत शिरतात आणि बघता बघता त्यांचा थर बसतो. (शास्त्रज्ञ आता यांतल्या बऱ्याच जीवांना चपट्या कृमींच्या संघाबाहेर काढतात, पण हौशी लोक त्यांना चपटे कृमीच म्हणतात.) मग कोणीतरी जाणकार सांगतो, टाकीत सहा रेघांचा रॅस मासा सोडा. हा मासा कृमी खातो, पण त्याची मर्जी असेल तर. त्याहून खात्रीचा इलाज म्हणजे काळीभोर, मखमली, कडेला निळी रेघ असलेली समुद्री गोगलगाय. ती हेच जीव खाते, दुसरं काहीच खात नाही. टाकी स्वच्छ होते आणि मग ती बिचारी उपाशी मरते.

टाकी काचेची असते, म्हणून तिच्यातला चुकलेला हिशेब तिच्यातच राहतो. विसाव्या शतकात हाच हिशेब माणसाने उघड्या बेटांवर मांडला. फरक एवढाच, की तिथे गोगलगाय नकोशी होती आणि कृमी हवासा होता. त्याची हकिकत आज सांगायची आहे.

सुरुवात आपल्याच देशातून करू. पूर्व आफ्रिकेतली मोठी शंखी गोगलगाय माणसाबरोबर मादागास्कर, मॉरिशस असा प्रवास करत आली होती. विल्यम बेन्सन हे बंगालमधले ब्रिटिश सनदी अधिकारी शंखांचे मोठे अभ्यासक. १८४७ मध्ये त्यांनी मॉरिशसहून काही जिवंत गोगलगायी कलकत्त्याला आणल्या आणि त्या चौरंगी भागातल्या एका बागेत सुटल्या. पुढे १९०० मध्ये ती श्रीलंकेत पोहोचली, १९३६ मध्ये हवाईला. पॅसिफिकमधल्या अनेक बेटांवर जपानी लोकांनी ती खाण्यासाठी आणि औषधासाठी म्हणून नेली. ‘गोगलगाय आणि पोटात पाय’ असं आपण म्हणतो, पण या गोगलगायीचे पाय जहाजाला लागले होते. आपल्या मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला तिची ओळख करून द्यायला नको. २०२२ च्या खरिपात लातूर, बीड, उस्मानाबाद (आताचा धाराशिव) या जिल्ह्यांत सोयाबीनची कोवळी रोपं गोगलगायींनी रातोरात फस्त केली आणि दुबार पेरणीची वेळ आली. गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं बांधावर टाकायची, त्याखाली गोळा झालेल्या गोगलगायी सकाळी वेचायच्या आणि मिठाच्या पाण्यात बुडवायच्या, हा उपाय तेव्हा घरोघर चालला होता.

पॅसिफिकमधल्या सरकारांना वेचत बसणं मान्य नव्हतं. त्यांना गोगलगाय खाणारा कोणीतरी हवा होता. १९५५ मध्ये हवाईत अमेरिकेच्या फ्लॉरिडातली एक शिकारी गोगलगाय आणून सोडली गेली. गुलाबी छटेची, लांबट शंखाची, चपळ. (गोगलगायीला चपळ म्हणणं विचित्र वाटेल, पण दुसऱ्या गोगलगायीच्या तुलनेत ती खरोखर चपळ आहे.) तिने मोठ्या आफ्रिकी गोगलगायीकडे फारसं लक्ष दिलं नाही. तिला बेटांवरच्या लहान, स्थानिक गोगलगायी अधिक सोयीच्या वाटल्या. तरीही १९७४ मध्ये ती ताहितीला आणि १९७७ मध्ये शेजारच्या मोरेआ बेटावर सोडण्यात आली.

मोरेआवर पार्तुला नावाच्या छोट्या, झाडांवर राहणाऱ्या गोगलगायींच्या सात जाती होत्या. दरीगणिक त्यांच्या शंखाचा रंग आणि पट्टे बदलत. हेन्री क्रॅम्प्टन या अमेरिकन शास्त्रज्ञाने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला या भागातल्या दऱ्या पायी तुडवून त्यांची मोजदाद केली होती. उत्क्रांतीच्या अभ्यासात तिला फार मोल आहे. बेटांवरच्या बायका याच शंखांच्या माळा ओवत. शिकारी गोगलगाय दर वर्षी साधारण सव्वा किलोमीटर पुढे सरकत गेली आणि दहा वर्षांत मोरेआच्या रानातून पार्तुला संपल्या. त्या बेटसमूहात अशा ६१ जाती होत्या. २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीत रानात उरलेल्या जातींची संख्या पाच होती. पाच. वाचलेल्या काही जाती लंडनच्या प्राणिसंग्रहालयात आणि अन्य ठिकाणी प्लास्टिकच्या डब्यांत जगल्या, आणि त्यांचे वंशज आता पुन्हा ताहिती-मोरेआच्या झाडांवर सोडले जात आहेत.

एवढं झाल्यावर तरी शहाणपण यावं! पण तोवर नवा उमेदवार पुढे आला होता, आपला चपटा कृमी.

शाळेत आपण प्लॅनेरिया वाचलेला असतो, मधोमध कापला तर त्याचे दोन होतात तो. त्याचेच भाऊबंद जमिनीवरही राहतात आणि कुंड्यांच्या मातीतून देशोदेशी फिरतात. हातोड्यासारख्या डोक्याचा एक प्रकार १८७८ मध्ये लंडनच्या क्यू उद्यानातल्या काचघरातून प्रथम नोंदला गेला. तो मूळचा आग्नेय आशियातला, पण शास्त्रीय नावात कायमचं ‘क्यू’ घेऊन बसला. आपल्या गोष्टीतला कृमी न्यू गिनी बेटावरचा. १९६० च्या दशकात तिथल्या मानोक्वारी या गावावरून त्याचं नाव पडलं, प्लॅटिडेमस मानोक्वारी. चार ते सात सेंटिमीटर लांब, काळसर, पाठीवर मधोमध एक फिकट रेघ. तोंड डोक्याला नाही, पोटाच्या मध्यावर. तिथून तो पांढरी नळी बाहेर काढतो आणि शंखात घुसवून आतलं मांस शोषून घेतो. गोगलगायीच्या चिकट वाटेचा माग काढत तो येतो. एकाने हल्ला केला की आणखी येतात. मोठ्या आफ्रिकी गोगलगायीलाही ही टोळी पुरून उरते.

१९७८ मध्ये हा कृमी ग्वाम बेटावर सापडला. तिथे त्याला कोणी मुद्दाम आणलं नव्हतं, पण त्याच्यामागून शेतांतल्या मोठ्या गोगलगायी कमी झाल्या. शेतकरी सुखावले. ग्वाम विद्यापीठातले भारतीय वंशाचे कीटकशास्त्रज्ञ आर. मुनिअप्पन यांनी या कृमीच्या उपयोगाबद्दल लिहिलं. १९८१ मध्ये फिलिपाइन्समधल्या बुगसुक बेटावर आणि १९८५ मध्ये मालदीवमध्ये तो हेतुपुरस्सर सोडला गेला. गोगलगायी खरोखरच घटल्या. म्हणजे या वेळी उपाय लागू पडला होता, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं.

मात्र कृमीला शत्रू गोगलगाय आणि निरपराध गोगलगाय यांतला भेद कळत नाही. ग्वामच्या रानात क्रॅम्प्टन १९२० मध्ये जिथे जिथे फिरले होते, त्या जागा १९८९ मध्ये पुन्हा तपासल्या, तेव्हा तिथल्या झाडगोगलगायींची वाताहत झालेली दिसली. जपानच्या ओगासावारा बेटांवर शास्त्रज्ञांनी प्रयोग म्हणून कृमीच्या रानात गोगलगायी ठेवल्या. तीन दिवसांत निम्म्याहून अधिक आणि अकरा दिवसांत नव्वद टक्क्यांहून अधिक गोगलगायी कृमींनी मारल्या. २००६ मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. झाडावर चढलं तरी सुटका नाही, कारण हा कृमी झाडावरही चढतो.

तेव्हा कुठे तो प्रश्न विचारला गेला, जो पहिल्या दिवशी विचारायला हवा होता. याला कोण खातं?

उत्तरं आली, पण तुटपुंजी. न्यूझीलंडचा असाच एक कृमी ब्रिटनमध्ये गांडुळं खात सुटला होता. जमिनीवरचे काही शिकारी भुंगेरे आणि त्यांच्या अळ्या त्याला खातात, असं १९९७ मध्ये नोंदलं गेलं. मात्र त्यांच्याने त्याचा प्रसार थांबलेला नाही. २०१२ मध्ये ब्राझीलच्या संशोधकांनी दाखवलं, की तिथली एक मांसाहारी गोगलगाय जमिनीवरचे चपटे कृमी आवडीने खाते. म्हणजे गोगलगायीसाठी कृमी आणि कृमीसाठी पुन्हा शिकारी गोगलगाय! हे वर्तुळ पूर्ण करण्याचा मोह कोणाला होऊ नये, एवढीच माझी इच्छा. इतर भक्षकांचं म्हणाल तर या कृमींच्या अंगावरचा चिकट स्राव बहुतेकांना रुचत नाही. हातोडी-डोक्याच्या कृमींमध्ये तर फुगा माशात असतं तेच जहाल विष असल्याचं २०१४ मध्ये आढळलं.

माझा जैविक नियंत्रणालाच विरोध आहे असं कोणी समजू नये. २००८ च्या सुमारास आपल्याकडे पपईवर पिठ्या ढेकूण आला, तेव्हा २०१० मध्ये पोर्तोरिकोहून आणलेल्या सूक्ष्म गांधीलमाश्यांनी तो आटोक्यात आणला. त्या कामातही मुनिअप्पन यांचा मोठा वाटा होता. पण ती माशी एका किडीवाचून जगत नाही. चपटा कृमी गोगलगाय मिळाली नाही तर दुसरं काहीतरी शोधतो.

आता हा कृमी २०१३ मध्ये फ्रान्समधल्या एका काचघरात आणि शिवाय फ्लॉरिडातही सापडला आहे. ज्या फ्लॉरिडातून शिकारी गोगलगाय हवाईला गेली होती, तिथेच. त्याला मारायला ४३ अंश सेल्सियसचं पाणी पाच मिनिटं पुरतं, पण ते कुंडीत. रानाला ऊन पाण्याची आंघोळ कोण घालणार?

ओगासावारात चिचिजिमा आणि हाहाजिमा ही दोन मोठी बेटं. चिचिजिमावर कृमी आहे. हाहाजिमाच्या रानातल्या गोगलगायी अजून टिकून आहेत. दोन्हींमध्ये बोट चालते. हाहाजिमाला जाणाऱ्या उतारूंना चपलांच्या तळव्याची माती ब्रशने झाडावी लागते आणि समुद्राच्या पाण्यात भिजवलेल्या पायपुसण्यावरून चालत जावं लागतं. कृमीच्या उघड्या कातडीला मीठ सोसत नाही.