सायकलवाल्या बापाचं पुढे काय झालं?

लांबेर्तो मज्जोरानी हे नाव आपल्यापैकी फार कुणाला ठाऊक नसेल. चेहरा ठाऊक असतो. 'बायसिकल थीव्ज'मधला तो हडकुळा, गालफडं बसलेला बाप. रोमच्या रस्त्यांवर पोराला बरोबर घेऊन चोरीला गेलेली सायकल हुडकत फिरणारा. या पिक्चरवर जाणकार मंडळी तासन्‌तास बोलतात. दिग्दर्शक डे सिका असा, वास्तववाद तसा. मी ऐकून घेतो. मग विचारतो, तो बाप नंतर कुठे गेला? बहुतेक गप्प बसतात. म्हणून हे लिहायला घेतलं.

मज्जोरानी नट नव्हता. १९०९ साली रोममध्ये जन्मला, ब्रेडा नावाच्या बड्या कंपनीच्या कारखान्यात टर्नर होता. म्हणजे आपल्यासारखाच, मशीनपुढे उभं राहून दिवस काढणारा. महायुद्ध संपलं होतं, इटलीत बेकारी माजली होती. डे सिका पिक्चरसाठी पैसा शोधत हिंडत होता. हॉलिवूडच्या सेल्झनिकनं तयारी दाखवली, पण बाप म्हणून कॅरी ग्रँट हवा म्हणाला. डे सिकानं नकार दिला. बरोबरच केलं. कॅरी ग्रँटला मळका कोट घातला म्हणून त्याच्या हाताला ग्रीसचा वास थोडाच येतो!

पोराच्या कामासाठी मुलं बघणं चालू होतं. मज्जोरानी आपल्या मुलाला घेऊन आला. मुलगा राहिला बाजूला, बापच डे सिकाच्या नजरेत भरला. डे सिकानं त्याच्याकडून शब्द घेतला: पिक्चर संपला की सिनेमा विसरायचा, मुकाट्यानं कारखान्यात परत जायचं. मज्जोरानीनं शब्द दिला.

१९४८ साली पिक्चर आला. अंतोनिओ रिच्ची हा बेकार माणूस. त्याला भिंतींवर पोस्टरं चिकटवायचं काम मिळतं, पण सायकल असेल तरच. बायको घरातल्या चादरी गहाण टाकते, सायकल सोडवून आणते. पहिल्याच दिवशी ती चोरीला जाते. शेवटी तो स्वतःच एक सायकल पळवायला जातो. लोक पकडतात, पोरादेखत मारतात. १९५० साली अमेरिकेत खास ऑस्कर मिळालं. १९५२ साली इंग्लंडच्या 'साइट अँड साऊंड' मासिकानं समीक्षकांचा कौल घेतला, तर जगातला सर्वोत्तम चित्रपट हाच.

आणि मज्जोरानी? त्याला सहा लाख लिरा मिळाले. तेव्हाचे हजारेक डॉलर. घरात नवं फर्निचर घेतलं, बायकापोरांना घेऊन चार दिवस फिरून आला. पैसा संपला. दिलेल्या शब्दाप्रमाणे कारखान्यात गेला. तिथे मंदी, कामगारकपात चालू. यादीत त्याचं नाव. व्यवस्थापनाचं म्हणणं, हा सिनेमातून लाखो कमावून बसलाय, याच्यापेक्षा गरीब असलेल्यांना ठेवणं जास्त न्यायाचं.

हा न्याय नीट वाचा, दोस्तांनो. गरिबांची कणव दाखवून गरिबालाच काढलं. पडद्यावर सायकल गेली म्हणून नोकरी गेली. प्रत्यक्षात सायकल शोधायचं सोंग वठवलं म्हणून नोकरी गेली.

मग त्यानं गवंडीकाम केलं. स्टुडिओचे उंबरठे झिजवले. १९५१ साली लिझ्झानीच्या 'आख्तुंग! बांदिती!'सारख्या पिक्चरमध्ये छोटी कामं मिळाली, पण पोट भरेल असं काही नाही. ज्या वास्तववादानं त्याला उचललं त्यालाच आता तो नकोसा झाला. त्यांना रस्त्यावरचा कोरा चेहरा हवा असायचा. याचा चेहरा आता रिच्चीचा झालेला. नटांत तो कामगार, कामगारांत तो नट.

१९६२ साली पासोलिनीनं 'मम्मा रोमा'मध्ये त्याला छोटंसं काम दिलं. इस्पितळात पडलेला पेशंट. एक वाया गेलेला पोरगा त्याचा रेडिओ चोरायला येतो. चौदा वर्षांनी पुन्हा त्याचीच चोरी! 'बायसिकल थीव्ज'च्या लेखकांतला प्रमुख झावात्तिनी. त्याला हे सगळं सलत होतं. त्यानं 'तू, मज्जोरानी' नावाची पटकथा लिहिली. आपले पिक्चर जग बदलायला किती तोकडे पडतात, हे त्याला सांगायचं होतं. १९८३ साली मज्जोरानी रोमच्या इस्पितळात वारला.

आपल्याकडे 'बायसिकल थीव्ज' १९५२च्या मुंबईतल्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. तो पाहून बिमल रॉयनी १९५३ साली 'दो बीघा जमीन' काढला. बलराज साहनी लाहोरला इंग्रजी शिकलेले. भूमिकेसाठी रिक्षा ओढायला शिकले. काम अस्सल केलं, त्यात खोट नाही. पण शूटिंग संपल्यावर रिक्षा खाली ठेवता येत होती. मज्जोरानीला खाली ठेवायला काही नव्हतं, आणि परत उचलायला लेथही राहिला नाही.

डे सिका वाईट माणूस नव्हता. पण त्यानं शब्द घेतला तो कामगाराचा. आणि तो शब्द पाळू देणं होतं मालकाच्या हातात.

हे मी दुसऱ्यावर ढकलत नाही. गेल्या साली आमच्या साचेखात्यातल्या एका बदली कामगाराला मी सभेत बोलायला उभा केला. जीव तोडून बोलला. टाळ्या पडल्या. दुसऱ्या आठवड्यापासून त्याला बदली मिळेना. मी तेव्हा त्याच्यावर कविता लिहीत होतो.

कविता बरी झाली. आता ती त्याला कुठल्या तोंडानं वाचून दाखवू? तेव्हा यापुढे कुणाला स्टेजवर चढवायचं तर आधी विचारू: उद्या याची हजेरी कापली तर याच्या घरची चूल कोण पेटवणार? उत्तर तयार असेल तरच माइक त्याच्या हातात देऊ.