घाबरणाऱ्याचं खरं

भुताला पाहून घाबरणारा नोकर हे विनोदाचं जुनं हुकमी हत्यार. डोळे गरगरतात, गुडघे लटपटतात, प्रेक्षक पोट धरून हसतात. १९४०च्या दशकातल्या अमेरिकन चित्रपटांत हे काम बहुधा काळ्या नटांच्या वाट्याला येई. त्यांच्यातला अव्वल नट म्हणजे मॅन्टन मोरलंड.

लुइझियाना राज्यातल्या मन्रो गावचा हा माणूस रंगमंचावर विनोद करत करत चित्रपटात आला. १९४१च्या ‘किंग ऑफ द झॉम्बीज’मध्ये तो जेफ नावाचा नोकर आहे. विमान एका बेटावर कोसळतं. तिथल्या बंगल्यात चालती प्रेतं आहेत, हे आधी कळतं ते जेफला. गोरे मालक त्याला वेड्यात काढतात. गंमत पाहा, ज्याला भित्रा म्हणून हसायचं, खरं बोलतो तोच!

पुढच्याच वर्षी ‘लकी घोस्ट’ आला, खास काळ्या प्रेक्षकांसाठी काढलेला. त्यात मोरलंड चक्क नायक. जुगारात नशीब उघडतं आणि मागोमाग भुतं येतात. घाबरणं तेच, पण इथे हसणारे आपले होते. हा फरक लहान नव्हे.

त्याच १९४२ साली, वर्णभेदाविरुद्ध लढणाऱ्या ‘एनएएसीपी’ या संघटनेचे वॉल्टर व्हाइट हॉलिवुडमध्ये गेले. काळ्या नटांना नोकर आणि विदूषक यांपलीकडच्या भूमिका द्या, असा आग्रह त्यांनी धरला. मागणी रास्तच होती. पुढे काळ बदलला, डोळे गरगरवणारा नोकर नकोसा झाला आणि १९५०च्या दशकात मोरलंडचं काम आटलं. साचा मोडला, हे बरंच झालं. पण त्या साच्यात आयुष्य घालवलेल्या नटाला नवी भूमिका कोण देणार?

एकदा ती मिळाली. १९५७ साली ब्रॉडवेवर ‘वेटिंग फॉर गोदो’ सर्व काळ्या नटांना घेऊन झालं. त्यात मोरलंड एस्ट्रागॉन होता. एकाने वाक्य अर्धं सोडायचं, दुसऱ्याने ते न ऐकताच ओळखायचं, हा खेळ तो वर्षानुवर्षं खेळत आला होता. बेकेटचे तुटक संवाद त्याला परके नव्हतेच. प्रयोग मात्र मोजकेच झाले.

१९७३ साली तो गेला. त्याचे जुने चित्रपट आज पाहताना हसू येतं, आणि आपण नेमके कुणाला हसतोय, हा प्रश्नही पडतो. दोन्ही होऊ द्यावं. त्याच्या कलेचा मान हसण्यात आहे. त्याच्यावरचा अन्याय त्या प्रश्नातूनच कळतो.