सुलतानाच्या स्वप्नातले सूर्ययंत्र

मद्रासहून निघणाऱ्या 'द इंडियन लेडीज मॅगझिन' या इंग्रजी नियतकालिकात १९०५ साली 'सुलतानाज ड्रीम' ही छोटीशी कथा प्रसिद्ध झाली. लेखिका रोकेया सखावत हुसेन. जन्म १८८० चा, आजच्या बांगलादेशातील रंगपूरजवळच्या पायराबंद गावी, कडक पडदा पाळणाऱ्या जमीनदार घराण्यात. शाळेचे तोंड त्यांनी पाहिले नव्हते. इंग्रजी शिकल्या त्या थोरल्या भावाकडून, घरातली माणसे झोपी गेल्यावर. विशीच्या आतच लग्न होऊन त्या भागलपूरला आल्या आणि तिथेच ही कथा लिहिली गेली.

या कथेची चर्चा बहुधा स्त्रीवादी युटोपिया म्हणून होते, आणि ते योग्यच आहे. कथेतल्या देशात पुरुष मर्दान्यात बंद आहेत आणि कारभार बायका पाहतात. आपल्याकडे काशीबाई कानिटकरांच्या 'पालखीचा गोंडा' (१९२८) या कादंबरीत स्त्रीच्या हाती संस्थानाचा कारभार दिसतो. रोकेयांची कथा तिच्याही दोन तपे आधीची. परंतु या कथेच्या केंद्रस्थानी एक यंत्रही आहे, आणि त्याकडे जावे तितके लक्ष जात नाही. हे यंत्र सूर्याची उष्णता गोळा करते, साठवून ठेवते आणि गरजेप्रमाणे इतरांना पुरवते. निवेदिका सुलताना स्वप्नात एका स्वयंपाकघरात शिरते, तेव्हा तिला तिथे ना धूर दिसतो, ना कोळसा. स्वयंपाक उन्हावर होतो.

सूर्याच्या उष्णतेवर यंत्र चालवण्याची कल्पना त्या काळी निव्वळ कल्पना उरली नव्हती. फ्रान्समधील गणिताचे शिक्षक ऑगस्तँ मूशो १८६० च्या दशकापासून या खटपटीत होते. १८७८ च्या पॅरिस प्रदर्शनात त्यांनी प्रचंड शंकाकृती आरसा उभारला, त्याच्या उष्णतेवर वाफेचे यंत्र चालवले आणि त्या यंत्राकरवी चक्क बर्फ तयार करून दाखवला. त्यांना सुवर्णपदक मिळाले. पुढे कोळसा स्वस्त झाला, सरकारी मदत आटली आणि मूशो विस्मृतीत गेले.

त्याच वर्षी, १८७८ मध्ये, मुंबईत विल्यम अ‍ॅडम्स या इंग्रज गृहस्थाचे एक पुस्तक निघाले. अ‍ॅडम्स मुंबई उच्च न्यायालयात डेप्युटी रजिस्ट्रार होते. उष्ण देशांत इंधनाऐवजी सूर्याची उष्णता वापरता येईल, हा पुस्तकाचा विषय. एका मोठ्या वक्र आरशाऐवजी त्यांनी पुष्कळ लहान सपाट आरसे अर्धवर्तुळात मांडले आणि सगळ्यांची तिरीप एकाच बाष्पकावर पाडली. कुलाब्यात आपल्या बंगल्यापुढे त्यांनी अडीच अश्वशक्तीचे वाफेचे यंत्र असे सुमारे पंधरा दिवस चालवून दाखवले. शिवाय त्यांनी एक सूर्यचूलही बनवली होती. ऐन जानेवारीत तिच्यावर सात सैनिकांचे जेवण दोन तासांत शिजले.

या दोन चुली शेजारी ठेवून पाहाव्यात. येथे प्रभाव सिद्ध करण्याचा हेतू नाही. हेतू तुलनेचा आहे. अ‍ॅडम्स यांची चूल पलटणीसाठी होती, आणि तिच्यामागचा प्रश्न जळणाच्या खर्चाचा होता. मूशोंच्या यंत्रालाही शेवटी हाच प्रश्न विचारला गेला: कोळशापेक्षा हे स्वस्त पडते काय? उत्तर नकारार्थी येताच यंत्र अडगळीत गेले. रोकेयांच्या यंत्राला पहिला प्रश्न विचारला जातो तो धुराचा. चुलीपुढे बसणाऱ्या बाईच्या डोळ्यांत जाणारा धूर हा प्रश्न त्या काळच्या कुठल्याच हिशेबवहीत नव्हता.

आता एक आक्षेप. रोकेया यंत्राची रचना मुळीच सांगत नाहीत. आरसे किती, उष्णता साठते कशात, याचा पत्ता नाही. खरे तर साठवण हीच प्रत्यक्षातल्या सूर्ययंत्रांची दुखरी जागा होती; सूर्य मावळला की यंत्र थंड. ती अडचण कथेत एका वाक्यात उडवून लावली आहे. विज्ञानकथेचे काटेकोर निकष लावणाऱ्याला हे खटकेल, आणि त्याचे खटकणे चुकीचे म्हणता येणार नाही.

परंतु यंत्राची घडण न सांगणाऱ्या या लेखिकेने ते घडवणाऱ्या समाजाची घडण मात्र बारकाईने सांगितली आहे. आधी राणीचा हुकूम निघतो: सर्व मुलींनी शिकले पाहिजे. मग दुसरा: एकवीस वर्षांच्या आत कुणाही मुलीचे लग्न होणार नाही. मग स्त्रियांची दोन स्वतंत्र विद्यापीठे निघतात. त्यांतले एक ढगांतून पाणी मिळवण्याची युक्ती शोधते, आणि तिची ईर्ष्या वाटून दुसरे सूर्याची उष्णता कोंडते. पुरुष त्या वेळी सैन्य वाढवण्यात दंग असतात आणि या शोधांची टर उडवतात. म्हणजे सूर्ययंत्राचा पहिला सुटा भाग आरसा नव्हे. एकवीस वर्षांपर्यंत लग्न न झालेली मुलगी हा होय! अ‍ॅडम्स यांच्या यंत्रामागे एक हौशी, हुशार माणूस होता, संस्था नव्हती. प्रयोग दाखवून झाला आणि पुढे चालवणारे कुणी उरले नाही.

कथेत याहून अवघड जागा पुढे आहे. शेजारच्या राजाशी युद्ध होते, सैन्य हरते. तेव्हा विद्यापीठाच्या प्रमुख बाई दोन हजार विद्यार्थिनींना घेऊन रणांगणावर जातात आणि साठवलेली सारी उष्णता शत्रूवर सोडतात. शत्रू पळतो, त्याची शस्त्रेही जाळली जातात. युद्धाचे कारण आश्रयाला आलेल्यांना परत न देणे हे आहे, त्यामुळे वाचक या विजयाच्या बाजूने उभा राहतो. तरीही ज्या उष्णतेवर भात शिजला तीच माणसांवर धरली गेली, हे विसरता येत नाही. यंत्र कुणाच्या हाती आहे याने पुष्कळ काही बदलते. सगळेच बदलते असे नाही. रोकेयांनी हे लपवलेले नाही, म्हणून कथा निव्वळ गोड स्वप्न होत नाही.

पुढे १९१३ मध्ये फ्रँक शूमन या अमेरिकन अभियंत्याने कैरोजवळच्या मादी येथे सूर्यशक्तीवर नाईलचे पाणी उपसून दाखवले. दुसऱ्याच वर्षी महायुद्ध आले आणि तो प्रयत्नही तिथेच थांबला.

रोकेयांचे पती १९०९ साली वारले. दोन वर्षांनी, १९११ मध्ये, कोलकात्यात त्यांनी पतीच्या नावाने मुलींची शाळा काढली. पहिल्या दिवशी विद्यार्थिनी होत्या आठ. कथेतल्या दोन हजारांच्या मानाने आकडा क्षुल्लक वाटेल. पण सूर्ययंत्र उभारण्याचा त्यांनी सांगितलेला क्रम लक्षात घेतला, तर काम योग्य टोकाकडून सुरू झाले होते. १९३२ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्या ते करीत राहिल्या.