गेमबॉयचं सोंग

गावात बहुरूपी यायचा. खाकी गणवेश, कमरेला पट्टा, हातात दंडुका. दारात उभा राहून चौकीत चलण्याचा हुकूम सोडायचा. मुलं माजघरात पळायची, आजी मात्र हसत सुपात धान्य घ्यायला वळायची. त्याला खरोखर पोलीस असण्याची गरज नव्हती. ज्या चार खुणांवरून पोलीस ओळखतात, त्या बिनचूक जमल्या की सोंग वठलं.

संगणकावर गेमबॉयचे गेम चालवणारा एम्युलेटर याच घराण्यातला. फरक एवढाच की त्याचा प्रेक्षक माणूस नसतो. तो बनवतो गेमला. १९८९ साली जपानमध्ये गेमबॉयवर आलेला टेट्रिस आज पुण्यातल्या एखाद्या लॅपटॉपवर सुरू होतो, तेव्हा आपण चार पेन्सिल सेलवर चालणाऱ्या करड्या डबीत आहोत अशीच त्याची समजूत असते. बटण दाबलं आहे का, असं तो विचारतो; उत्तर मिळतं. इथे ठिपका काढ म्हणतो, ठिपका उमटतो. शंका यायला जागाच उरत नाही.

या घराण्याचा मूळ पुरुष मात्र खेळातला नाही, हिशेबातला आहे. आयबीएमने १९५९ साली १४०१ नावाचा संगणक बाजारात आणला आणि तो तडाखेबंद खपला. १९६१ मध्ये मुंबईत एस्सो या तेल कंपनीच्या कचेरीतही एक बसला. पगारपत्रकं, बिलं, साठ्याचे हिशेब असं सगळं त्याच्या भाषेत लिहिलं गेलं. मग ७ एप्रिल १९६४ रोजी आयबीएमने सिस्टिम/३६० ही नवी मालिका जाहीर केली. ती जुन्या यंत्रांपेक्षा सर्वार्थाने सरस होती, फक्त १४०१ ची भाषा तिला कळत नव्हती. ग्राहकांनी वर्षानुवर्षं लिहिलेले प्रोग्रॅम काय टाकून द्यायचे? शिवाय हनीवेल कंपनी तेच प्रोग्रॅम आपल्या यंत्रावर आणून द्यायला टपलेलीच होती.

आयबीएमच्या अभियंत्यांनी तोड काढली. नव्या यंत्राच्या अगदी तळाशी, जिथे प्रत्येक आज्ञेचे बारीक बारीक तुकडे होतात त्या थरात, त्यांनी जुन्या यंत्राची भाषा बसवली. वरवर केलेली नक्कल फार हळू चालायची. ही झपाट्याने चालली. तिला वेगळं नाव हवं होतं. लॅरी मॉस या अभियंत्याने ‘एम्युलेटर’ हा शब्द सुचवला. त्याच्या मुळाशी असलेल्या लॅटिन क्रियापदाचा अर्थ नुसतं अनुकरण करणं असा नाही. त्यात चढाओढ आहे, बरोबरी करण्याची ईर्ष्या आहे. मराठीत ‘तोडीस तोड’ म्हणतात तसं काहीसं. नाव सार्थही ठरलं, कारण ३६० मालिकेतल्या छोट्या यंत्रावर १४०१ चे प्रोग्रॅम मूळ १४०१ पेक्षा जलद धावले.

या शब्दाची गाठ गेमबॉयशी पडायला तीस वर्षं जावी लागली. निन्टेन्डोच्या गुनपेई योकोई यांचं एक तत्त्व होतं: घासूनपुसून झालेलं, स्वस्त पडणारं तंत्रज्ञान घ्यायचं आणि ते नव्या कामाला लावायचं. २१ एप्रिल १९८९ ला जपानमध्ये आलेला गेमबॉय म्हणजे त्या तत्त्वाचा नमुना. पडदा १६० गुणिले १४४ ठिपक्यांचा, त्यावर हिरवट रंगाच्या चार छटा, कामाची मेमरी ८ किलोबाइट. त्या काळातही हे फार नव्हतं. पण साधेपणा सोंग आणणाऱ्याच्या पथ्यावर पडतो. भरजरी राजापेक्षा पोस्टमन वठवणं सोपं.

मोठ्या पडद्यावर गेमबॉय खेळायची पहिली अधिकृत सोय निन्टेन्डोनेच १९९४ साली केली. तिचं नाव सुपर गेमबॉय. टीव्हीला जोडायच्या यंत्रात एक जाडजूड कॅसेट खोचायची आणि त्या कॅसेटच्या डोक्यात गेमबॉयची कॅसेट. पण त्या जाड कॅसेटच्या पोटात गेमबॉयची खरी चिप होती. म्हणजे ते सोंग नव्हतंच. मूळ माणसालाच मोठ्या रंगमंचावर आणून उभं केलं होतं.

खरं सोंग हौशी लोकांनी आणलं. १९९५ च्या जानेवारीत पॅन या टोपणनावाच्या एका प्रोग्रॅमरने गेमबॉयच्या अंतरंगाची माहिती लिहून मोकळी सोडली: कोणत्या पत्त्यावर काय असतं, कोणता आकडा कुठे लिहिला की पडद्यावर काय घडतं. निन्टेन्डोची अशी कागदपत्रं फक्त परवानाधारक कंपन्यांना मिळत, तीही गुप्ततेच्या अटीवर. पॅनच्या टिपणात इतरांनी भर घातली. त्यात मरात फैझुलिन होते, ज्यांचा ‘व्हर्च्युअल गेमबॉय’ हा या वंशातल्या पहिल्या नाव घेण्याजोग्या एम्युलेटरांपैकी एक. जर्मनीचे मार्टिन कोर्थही होते. त्यांच्या एम्युलेटरच्या नावात ‘नो’ या अक्षरांनंतर डॉलरचं चिन्ह होतं आणि उच्चार होता ‘नो-कॅश’. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, ही म्हण कोर्थ यांच्या कानावर गेली असण्याची शक्यता नाही. पण नाव तिला साजेसं ठेवलं.

हे सोंग आतून कसं चालतं ते एका बाइटच्या अंतरावरून पाहण्यासारखं आहे. समजा, गेमच्या फाइलमध्ये ‘३सी’ हा आकडा आला. गेमबॉयच्या चिपसाठी त्याचा अर्थ ठरलेला: ‘ए’ नावाच्या खान्यात एक मिळव. लॅपटॉपच्या प्रोसेसरसाठी तो आकडा निरर्थक. एम्युलेटर मध्ये बसतो. मेमरीतल्या एका जागेला तो ‘ए’ म्हणतो, तिच्यात एक मिळवतो. खान्यात आधीच २५५ असतील तर मोटारीच्या मीटरसारखं शून्यावर येतो आणि ‘उत्तर शून्य आलं’ अशी खूण शेजारी करून ठेवतो, कारण खरी चिपही तसंच करते. मग घड्याळाचे चार ठोके झाले असं मांडतो आणि पुढचा आकडा उचलतो. एवढंच. फक्त हे सेकंदाला लाखो वेळा.

अडचण या ठोक्यांत आहे. गेमबॉयची चिप सेकंदाला सुमारे ४२ लाख ठोक्यांनी चालते. पडद्याची एक ओळ ४५६ ठोक्यांत पुरी होते, दिसणाऱ्या आणि न दिसणाऱ्या मिळून १५४ ओळी, म्हणजे एका चित्राला ७०,२२४ ठोके. आजचा लॅपटॉप तेवढं काम चुटकीसरशी उरकून उरलेला वेळ झोपा काढतो, आणि तरी चुकू शकतो. कारण काही गेम ओळ रंगवली जात असतानाच मध्येच छटा बदलतात. ‘प्रीहिस्टॉरिक मॅन’ हा त्यातला बदलौकिक मिळवलेला. ठोक्यांचा हिशेब थोडा जरी हुकला तरी चित्र फाटतं. पैशाचं सोंग आणता येत नाही तसं वेळेचंही सहज आणता येत नाही, हे एम्युलेटर लिहिणाऱ्यांना उमगायला आणि मग साधायला पुष्कळ वर्षं गेली.

गंमत म्हणजे इतक्या कष्टाने बरोबर बसवलेली वेळ वापरणारा माणूस एका बोटाने मोडतो. एमजीबीए हा आजचा लोकप्रिय एम्युलेटर उघडला, गेमची फाइल त्यात टाकली की झालं. ‘एक्स’ म्हणजे ए बटण, ‘झेड’ म्हणजे बी, दिशांसाठी बाणांच्या कळा. आणि ‘टॅब’ दाबून धरली की गेम भरधाव. पोकेमॉनमधली रटाळ झटापट मग चहाच्या दोन घोटांत संपते.

एक कुलूप मात्र बराच काळ उघडलं नव्हतं. गेमबॉय चालू केला की निन्टेन्डो हा शब्द पडद्यावर वरून खाली घरंगळत येतो आणि टिंग वाजतं. हे काम चिपमध्ये दडलेला २५६ बाइटचा एक छोटा प्रोग्रॅम करतो. तो शब्दाचं चित्र घेतो कॅसेटमधून आणि स्वतःजवळच्या प्रतीशी ताडून पाहतो. जुळलं नाही तर गेम तिथेच थिजतो. कॅसेटच्या पट्ट्यांवर धूळ असली की नावाच्या जागी काळा ठोकळा यायचा तो यामुळेच. डोकं वकिली आहे: परवाना नसलेल्या कंपनीला गेम चालवायचा तर दुसऱ्याचं नोंदणीकृत नाव आपल्या कॅसेटमध्ये घालावंच लागणार, आणि घातलं की खटल्याला आधार मिळणार. काम झालं की हा प्रोग्रॅम स्वतःला झाकून घेतो, त्यामुळे नंतर कोणालाही वाचता येत नाही. एम्युलेटरवाल्यांनी तो टप्पा गाळून पुढून सुरुवात करण्यावर भागवलं. अखेर २००३ मध्ये एका हौशी अभ्यासकाने चिपचं कवच काढलं, आतला भाग सूक्ष्मदर्शकाखाली धरला आणि शून्य-एकाच्या खुणा डोळ्यांनी वाचून ते २५६ बाइट उतरवून घेतले. याला नाद म्हणतात.

निन्टेन्डोही गप्प बसलेली नव्हती. २००४ साली तिने आपल्या जुन्या टीव्ही-गेमांची एक मालिका गेमबॉय अॅडव्हान्ससाठी काढली. जपानमध्ये ‘फॅमिकॉम मिनी’, अमेरिकेत ‘क्लासिक एनईएस’. या कॅसेटमध्ये निन्टेन्डोचा स्वतःचाच एम्युलेटर होता, आणि त्याच कॅसेटमध्ये इतरांच्या एम्युलेटरसाठी सापळेही पेरलेले होते. एमजीबीए लिहिणाऱ्या विकी फाऊ यांनी २०१४ च्या डिसेंबरात ते एकेक करून उलगडून दाखवले. त्यातला एक फार सुरेख आहे. खरी चिप एक आज्ञा पाळत असताना पुढच्या आज्ञा आधीच उचलून हातात धरते. गेम नेमकी ती पुढची आज्ञा मेमरीत बदलून टाकतो. खऱ्या चिपला पत्ता लागत नाही; ती हातातली जुनीच पाळते. भाबडा एम्युलेटर मात्र ताजी वाचतो, ताजीच पाळतो आणि पकडला जातो. सोंग कमी पडल्याने नव्हे, बहुरूपी मूळ माणसापेक्षा चौकस निघाल्याने उघडं पडलं.

कोर्टात चित्र वेगळं होतं. सोनीने प्लेस्टेशनच्या एम्युलेटरबद्दल कनेक्टिक्स कंपनीवर खटला भरला. २००० च्या फेब्रुवारीत अमेरिकेच्या अपील न्यायालयाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला. यंत्र कसं चालतं हे समजून घेण्यासाठी त्यातला प्रोग्रॅम अभ्यासापुरता उतरवणं गैर नाही, असा त्याचा मथितार्थ. पुढच्या वर्षी सोनीने तो एम्युलेटरच विकत घेऊन टाकला. निन्टेन्डोला २००४ च्या जानेवारीत हातातल्या गेमयंत्राच्या सॉफ्टवेअर-नकलेवर अमेरिकी पेटंट मिळालं. त्यात विमानातल्या आसनाच्या पाठीला बसवलेल्या पडद्यांवर गेमबॉयचे गेम चालवण्याची कल्पना आहे. एम्युलेटर कायदेशीर, पण दुसऱ्याच्या गेमची फुकट उतरवलेली प्रत नव्हे, ही रेघ तेव्हापासून आजपर्यंत जवळपास तिथेच आहे. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं ५२ वं कलमही वैध प्रत बाळगणाऱ्याला संगणक-प्रोग्रॅमची राखीव प्रत काढू देतं; शेजाऱ्याला वाटायला नव्हे.

महाराष्ट्रातल्या घरांत ही रेघ फारशी कोणी पाहिली नाही, हेही खरं. इथे गेमबॉय दिसायचा तो परदेशी राहणाऱ्या मामाच्या बॅगेतून आलेला. बाकीच्यांच्या हाती जत्रेतला विटांचा गेम. कार्टून नेटवर्कवर २००३ साली पोकेमॉन सुरू झालं, तेव्हा त्याचे गेम दुकानात शोधूनही सापडत नव्हते. सापडले ते सायबर कॅफेतल्या संगणकावर आणि वर्गात फिरणाऱ्या सीडीवर, ‘व्हिज्युअलबॉय अॅडव्हान्स’ नावाच्या एम्युलेटरसकट. कित्येकांनी गेमबॉय कधी हातात न धरता त्याचे गेम पार केले. नंतर ही हौस फोनवर गेली. स्वीडनचे हेन्रिक रिडगोर्ड यांनी २०१२ च्या नोव्हेंबरात पीपीएसएसपीपी हा एम्युलेटर आणला आणि सोनीचं पीएसपी हे हातातलं गेमयंत्र अँड्रॉइडवर अवतरलं. त्यात सोंगाची रीत निराळी आहे: पीएसपीच्या आतल्या यंत्रणेची प्रत मागायचीच नाही, गेमने तिला हाक मारली की एम्युलेटरने स्वतः ओ द्यायची. अॅपलने आयफोनवर एम्युलेटरांना दार २०२४ च्या एप्रिलमध्ये उघडलं.

दरम्यान मूळ कॅसेट म्हाताऱ्या होत चालल्या आहेत. पोकेमॉनच्या पहिल्या कॅसेटमध्ये खेळाची नोंद ३२ किलोबाइटच्या मेमरीत राहते आणि तिला जिवंत ठेवते नाण्याएवढी एक बॅटरी. ती संपली की नोंद गेली. बदलायला काढली तरी गेलीच. म्हणून जाणकार आधी कॅसेट एका यूएसबी वाचकयंत्रात खोचतात आणि नोंद संगणकावर उतरवून घेतात. बरोबर ३२,७६८ बाइटची फाइल. ती गेमच्या फाइलशेजारी त्याच नावाने ठेवायची आणि एम्युलेटर उघडायचा. ‘कंटिन्यू’ वर आलं की छोट्या चौकटीत खेळाडूचं नाव येतं, मिळवलेली पदकं येतात आणि खाली खेळलेला एकूण वेळ, शाळेच्या सुट्टीत जिथे थांबला होता तिथेच. ए बटणासाठी ‘एक्स’ दाबायचं. मिनिटाभराने तो आकडा एकाने पुढे सरकतो.