शांताराम, व्ही. : उमेदवारी ते दिग्दर्शन (१९२०–१९३४)

शांताराम राजाराम वणकुद्रे (१९०१–१९९०). मराठी व हिंदी चित्रपटांचे दिग्दर्शक व निर्माते, जन्म कोल्हापूर. लहानपणी काही काळ गंधर्व नाटक मंडळीत होते. १९२० च्या सुमारास मावसभाऊ बाबूराव पेंढारकर यांच्यामुळे बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत उमेदवार म्हणून दाखल.

या उमेदवारीला आजच्या अर्थाने ‘सहायक दिग्दर्शक’ म्हणता येत नाही, आणि शांतारामांच्या घडणीचा उलगडा नेमका इथेच होतो. पेंटरांच्या कंपनीत कामांच्या वाटण्या पक्क्या नव्हत्या. पडदे रंगवणे, फिल्म धुणे, सामान वाहणे, गरज पडली की तोंडाला रंग लावून उभे राहणे, हे सारे एकाच माणसाच्या वाट्याला येई. शांतारामांनी ‘सुरेखा हरण’ (१९२१) व ‘सिंहगड’ (१९२३) यांत भूमिका केल्या. ‘सावकारी पाश’मध्ये (१९२५) जमीन गमावलेल्या तरुण शेतकऱ्याची भूमिकाही त्यांचीच. पेंटर मुळात चित्रकार. दृश्याची मांडणी ते आधी कागदावर रेखाटत. ते रेखाटन पडद्यावर उतरेपर्यंतच्या प्रत्येक टप्प्याला ज्याचे हात लागले होते, त्याला दिग्दर्शन ही वरची पायरी राहिली नाही. हातातल्या कामांची जुळणी एवढेच शिकायचे उरले. १९२७ मध्ये केशवराव धायबर यांच्यासह त्यांनी ‘नेताजी पालकर’ दिग्दर्शित केला, तोही याच कंपनीत राहून. गुरूशी फारकत घेतल्यावरच शिष्य दिग्दर्शक झाला, असे जे सांगितले जाते ते त्यामुळे कालक्रमाला धरून नाही. प्रभात फिल्म कंपनी निघाली ती १ जून १९२९ रोजी.

ही घडण कंपनीतल्या उमेदवारीची, यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला, शांतारामांचे यश व्यक्तिगत प्रतिभेचे आहे. दुसरा, नात्याचा वशिला होता. प्रतिभा नाकारण्याचे कारण नाही. पण विष्णुपंत दामले आणि एस. फत्तेलाल हे त्याच कंपनीत छायाचित्रण, रसायनशाळा व नेपथ्य सांभाळत वाढले, आणि १९२८ मध्ये ‘महारथी कर्ण’ दिग्दर्शित करून मोकळे झाले. पुढे ‘संत तुकाराम’ही (१९३६) त्यांचाच. एकाच छपराखालून इतक्या थोड्या काळात चार दिग्दर्शक निघतात, तेव्हा श्रेय त्या घराच्या शिस्तीलाही द्यावे लागते. नात्याने शांतारामांना दार उघडून दिले इतकेच. हे चौघे पेंटरांच्या कंपनीतून बाहेर का पडले याविषयी मतभेद आहेत. भांडवलदार सीताराम कुलकर्णी त्यांना येऊन मिळाल्याने प्रभात उभी राहिली, हे निर्विवाद.

उमेदवारीतून दिग्दर्शक घडवण्याची ही रीत प्रभातने काही अंशी टिकवली. ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) या बोलपटानंतर कंपनी १९३३ मध्ये पुण्यास गेली. ‘अमृतमंथन’ (१९३४) तिथला. शांतारामांचे सहायक राजा नेने ‘दहा वाजता’चे (१९४२) दिग्दर्शक झाले. १९४४ मध्ये प्रभातमध्ये आलेल्या गुरुदत्त यांची वाट मात्र वेगळी पडली. विश्राम बेडेकर, अमिय चक्रवर्ती, ग्यान मुखर्जी अशा निरनिराळ्या दिग्दर्शकांच्या हाताखाली काम केल्यावर त्यांना ‘बाजी’ (१९५१) मिळाला, आणि तोही प्रभातमध्ये जुळलेल्या देव आनंद यांच्या मैत्रीतून. सर्वांना पगारावर एकत्र ठेवणारी, बिऱ्हाडासारखी कंपनी संपली, की सहायकाला कामाइतकीच माणसेही जोडावी लागतात.

देवास संबंध : शिष्य पुण्यास गेल्यावर पेंटरांना आधार मिळाला तो कोल्हापूरच्या शाहू महाराजांच्या कन्या व माळव्यातील देवास थोरल्या पातीच्या महाराणी अक्कासाहेब यांचा. त्यांच्या आश्रयाखालील शालिनी सिनेटोनसाठी पेंटरांनी ‘उषा’ (१९३५), बोलका ‘सावकारी पाश’ (१९३६) व ‘प्रतिभा’ (१९३७) केले. माळव्यातील मराठी संस्थानांकडून संगीताला मिळालेला आश्रय वारंवार नोंदला जातो. चित्रपटाच्या इतिहासात अक्कासाहेबांचे नाव त्याच तोलाने यायला हवे.

पुढील कारकीर्द : राजकमल कलामंदिर (१९४२); दादासाहेब फाळके पुरस्कार (१९८५).